जात्यावरचा मामू



गेल्या थंडीत फलटणमधल्या एका शाळेनं मला मुलांकडून गोष्टी लिहून घ्यायला बोलावलं होतं. मी कविता लिहितो, गोष्टीतलं मला फारसं कळत नाही. पण आमच्या गावात लेखक म्हटला की तो सगळंच लिहितो असं धरून चालतात, आणि नारळ-शालीची सोय असल्यानं मीही खुलासा करत बसलो नाही.

सातवीतल्या एका मुलानं वहीची चार पानं भरली होती. त्याच्या गोष्टीत एक दूरचं राज्य होतं. तिथलं आभाळ जांभळं, नद्या चढाकडे वाहणाऱ्या, आणि राज्याच्या मधोमध डोंगराच्या पोटात एक यंत्र. त्या यंत्रापाशी उभं राहून जे बोलावं ते बाहेर खरं होतं. कुणी म्हणालं पाऊस, की पाऊस. कुणी म्हणालं राजा मेला, की राजा मेला. मला गोष्ट आवडली. मी सहज विचारलं, ‘‘अरे, पण या यंत्रात घालायचं काय?’’

‘‘काही नाही सर. नुसतं बोलायचं.’’

‘‘आत काही घातल्याशिवाय बाहेर कसं येईल?’’

तो माझ्याकडे बघत राहिला. मग दयेच्या सुरात म्हणाला, ‘‘सर, ते जादूचं आहे.’’ सगळा वर्ग हसला. मीही हसलो. पण बाणगंगेच्या पुलावरून घरी येताना माझ्या लक्षात आलं, की तो प्रश्न माझा नव्हताच. तो माझ्या आईचा होता. आम्ही पोरं खेळता खेळता जात्याचा खुंटा धरून गरगरा फिरवू लागलो, की ती स्वयंपाकघरातून ओरडायची, रिकामं जातं फिरवू नये. का, ते तिनं कधी सांगितलं नाही. पुढं कळलं की कारण साधंच आहे. दोन दगडांच्या मध्ये दाणा नसेल तर दगडाला दगड घासतो, टाकी लावून पाडलेले खाचे बुजतात आणि पुढच्या दळणात कच येते. भाकरी दाताखाली करकरते. आईला मात्र याहून काहीतरी जास्त म्हणायचं असावं असा मला आज संशय आहे.

जे बोलू ते घडवणारं यंत्र ही कल्पना त्या मुलाला कुठल्या तरी व्हिडिओ गेममधून मिळाली असेल. पण ती फार जुनी आहे, आणि गंमत अशी की जुन्या गोष्टींमध्ये असलं यंत्र बहुतेक वेळा जातंच असतं. आइसलंडमध्ये तेराव्या शतकात स्नोरी नावाचा एक मोठा पंडित होऊन गेला. उत्तरेकडच्या दंतकथा त्यानं लिहून ठेवल्या. त्यातली एक ग्रोत्ती नावाच्या जात्याची. डेन्मार्कच्या फ्रोदी राजाकडे हे जातं होतं. दळणारा जे म्हणेल ते जातं दळून द्यायचं, मात्र दगड इतके अवजड की कुणालाच ते फिरवता येईना. मग राजानं फेन्या आणि मेन्या नावाच्या राक्षसकुळातल्या दोन दासी विकत आणल्या. (आपल्या भा. रा. भागवतांच्या फेणेशी यांचं काही नातं नाही.) राजानं त्यांना सोनं दळायला सांगितलं, शांतता दळायला सांगितलं, सुख दळायला सांगितलं. त्या दळू लागल्या आणि दळताना गाऊ लागल्या. राजा एवढा हावरा, की कोकीळ गप्प राहील किंवा एक गाणं म्हणून होईल, त्याहून जास्त विसावा त्यानं त्यांना दिला नाही. मग एका रात्री त्या दोघींनी गाणं बदललं. त्यांनी राजाविरुद्ध सैन्य दळलं. त्याच रात्री एक समुद्रावरचा सरदार चालून आला, त्यानं राजाला मारलं आणि जातं, बायका सगळं जहाजावर घातलं. त्यानं मीठ दळायला लावलं. मध्यरात्री बायकांनी विचारलं, पुरे का? तो म्हणाला, दळा. जहाज मिठाच्या भारानं बुडालं. समुद्र खारट आहे तो तेव्हापासून.

मी पहिल्यांदा ही गोष्ट वाचली तेव्हा राजाबिजा माझ्या डोक्यातून केव्हाच गेला. डोळ्यांपुढं राहिल्या त्या समोरासमोर बसलेल्या, एकच खुंटा दोघींनी धरलेल्या बाया. हे चित्र मी पाहिलेलं होतं. आमच्या आळीत शेजारची माळीणकाकू आणि माझी आई अशाच बसायच्या.

फिनलंडच्या ‘कालेवाला’ या महाकाव्यातही असंच एक यंत्र आहे. त्याचं नाव साम्पो. लोहार ते घडवतो, आणि त्यासाठी त्याला सामान काय लागतं? हंसाच्या पिसाचं टोक, सातूचा एक दाणा, मेंढीची थोडी लोकर आणि वांझ गाईचं दूध. साम्पोची एक बाजू पीठ दळते, दुसरी मीठ, तिसरी पैसा. उत्तरेची मालकीणबाई ते डोंगरात नऊ कुलपांआड ठेवते. पुढं ते चोरलं जातं, समुद्रावर झटापट होते, साम्पो फुटून पाण्यात पडतो आणि किनाऱ्याला लागलेल्या तुकड्यांवरच लोकांची शेतं पिकतात. साम्पो नेमका कसा होता यावर तिकडचे विद्वान अजून भांडतात. एलियास ल्योनरोत नावाच्या डॉक्टरनं खेडोपाडी हिंडून, गाणाऱ्यांकडून ऐकून हे काव्य जुळवलं. १८३५ साली पहिल्यांदा छापलं, १८४९ साली वाढवून. वांझ गाईचं दूध ही वस्तू मला तेव्हा नुसती चमत्कारिक वाटली होती. तिच्याकडे पुन्हा येतो.

आता आपल्या जात्याकडे येऊ. फलटण भाग म्हणजे वर नीरा कालव्याचा ऊस आणि खाली माणदेशाच्या अंगानं ज्वारी-बाजरी. आमचं घर या दोन्हींच्या सीमेवर, गावाबाहेरच्या वस्तीवर. पिठाची गिरणी गावात होती, पण दळणाला पैसे पडत आणि दळण डोक्यावर घेऊन दोन मैल जावं लागे. त्यामुळं १९७० च्या दशकातही आमच्याकडे जातं फिरत होतं. रमजानमध्ये तर पहाटेही नाही, त्याच्याही आधी. मी आईच्या मांडीवर डोकं ठेवून झोपलेला असायचो. जात्याची घरघर आधी जमिनीतून यायची, मग मांडीतून, मग कानात. आणि त्यावर आईचा आवाज.

आमच्या घरात दखनी बोलतात. आई रागवायची दखनीत, हिशेब करायची दखनीत, अल्लाची करुणा भाकायची तीही दखनीत. पण खुंट्याला हात लावला की मराठी. तिला लिहायला-वाचायला येत नव्हतं, तरी ओवी कधी अडली नाही. पुढं बी. ए.ला मराठी घेतलं तेव्हा लोक मला विचारायचे, तुमच्यात मराठी कुठून? मी म्हणायचो, खालून. जमिनीतून.

ही गोष्ट जुनी किती, तर चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याच्या ‘मानसोल्लास’ या संस्कृत ग्रंथात, म्हणजे सुमारे ११२९ साली, महाराष्ट्रातल्या बायका कांडण करताना ओवी गातात अशी नोंद आहे. ज्ञानेश्वरी १२९०ची. ज्ञानोबांच्या आधी दीडशेहून जास्त वर्षं बाया ओवी गात होत्या. त्यांची ओवी वेगळी, ग्रंथातली वेगळी, हे पंडितांचं म्हणणं बरोबर आहे. पण नाव त्यांचंच आहे.

कबीरानं फिरतं जातं पाहिलं आणि तो रडला, असं सांगतात. दोन दगडांमध्ये सापडलेला दाणा साबूत सुटत नाही, हे त्याला दिसलं. मोठाच माणूस. पण खुंटा धरून बसलेल्या बाईकडे त्याचं लक्ष गेलं असतं तर दोहा वेगळा झाला असता, असं मला आपलं वाटतं. आमच्या भागात जनाबाईची गोष्ट जास्त चालते. माउलींची पालखी चांदोबाच्या लिंबाचं उभं रिंगण करून तरडगावला येते आणि पुढं फलटणला मुक्काम करते. त्या दिवशी आमच्या आळीत वारकऱ्यांना पाणी द्यायला आई उभी असायची. विठोबा जनीला दळू लागतो ही गोष्ट तिनं तिथंच कुठं ऐकली असणार. तिचं त्यावरचं मत ठरलेलं होतं : देव आला यात नवल नाही, दुसरा हात मिळाला हे नवल.

बहात्तरच्या दुष्काळात मी तीन वर्षांचा होतो. मला आठवत नाही, ऐकलेलं सांगतो. रेशनवर परदेशातून आलेली लाल ज्वारी मिळायची, मिलो म्हणत तिला. आई दिवसा रस्त्याच्या कामावर खडी फोडायची आणि पहाटे मिलो दळायची. माळीणकाकू म्हातारपणी मला सांगत होत्या, ‘‘तुझी आई दळायची मिलो आणि गायची शाळू. मोत्यासारखा शाळू, मळणी, खळं, बैल, सगळं. मी म्हणायची, अगं, कुठाय शाळू? तर म्हणायची, दळा तुम्ही.’’

आता मुख्य गोष्ट.

आईच्या ओव्यांत सगळ्यात जास्त यायचा तो तिचा भाऊ. ओवीत तो बंधू, घरात आमचा मामू. आईचं माहेर माण तालुक्यात. मोगराळ्याचा घाट उतरून मामू यायचा. अबलख घोड्यावर. डोक्याला फेटा, खोगिराला बांधलेलं साडीचं गाठोडं. वाटेत त्याला लोक विचारायचे, कुणीकडे निघालात, आणि तो सांगायचा, बहिणीकडे. दारात आला की घोड्याला पाणी, त्याला दूध. सासूसासऱ्यांना तो अदबीनं सलाम करायचा, पण अशा अदबीनं की बहिणीला बोल लावण्याआधी त्यांनी दोनदा विचार करावा.

मी विचारायचो, ‘‘मामू कधी आला?’’

‘‘पहाटे येऊन गेला. तू झोपला होतास.’’

मला ते पटायचं. मी खरंच झोपलेला असायचो. ईदला आईच्या अंगावर नवी साडी असायची ती मामूनं आणलेली. कोंबड्यांची अंडी विकून तिनं ती घेतलेली असायची हे कळण्याइतका मी मोठा झालो, तोवर जातं थांबलं होतं. वस्तीवर वीज आली, मग गिरणीही आली. मामूचं येणंही थांबलं. मी धरून चाललो, की भावाबहिणींचं कुठंतरी बिनसलं असणार. आमच्याकडे असल्या गोष्टी विचारत नाहीत.

१९९९ साली मी मामूवर एक कविता लिहिली. एका दिवाळी अंकात ती छापून आली, दोन-तीन संमेलनांत टाळ्या मिळवून गेली. पाहुणा न येणाऱ्या घाटाची कविता, असं एका समीक्षकानं म्हटलं होतं. मी अंक घेऊन आईला वाचून दाखवली. ती डोळे मिटून ऐकत होती. संपल्यावर एवढंच म्हणाली, ‘‘फेटा पिवळा नव्हता रे. गुलाबी.’’

२०११ साली आई गेली. पुढच्या वर्षी तिच्या माहेरच्या जमिनीच्या तुकड्याचं काहीतरी निघालं, म्हणून मी जुन्या फेरफाराची नक्कल काढली. आजोबांच्या नावाखाली वारस लिहिले होते. मोठी मुलगी, धाकटी मुलगी, आणि मग एक पुतण्या. मी कागद उलटून पाहिला. पुन्हा सुलटा केला. तलाठीभाऊसाहेबांना विचारलं, मुलाचं नाव राहिलं का? त्यांनी मागचीही नोंद काढून दाखवली. मुलगा नव्हताच.

मोटारसायकल घेऊन मी तडक मोठ्या खालाकडे गेलो. ती खटाव तालुक्यात दिलेली. मनात काय होतं ते खरं सांगतो. मला फसवल्यासारखं वाटत होतं. मी त्या मामूवर टाळ्या घेतल्या होत्या. माझ्या पोरांना मी त्याच्या गोष्टी सांगितल्या होत्या. कवीला एकच भांडवल असतं, बालपण, आणि त्यातली एक नोट खोटी निघाली होती.

खाला दखनीत सांगत होती, मी तुम्हाला मराठीत सांगतो. ती म्हणाली, आम्ही दोघीच. आमच्या अम्माला मुलगा नाही म्हणून घरात येताजाता टोमणे. आजी तिला वांझच म्हणायची. दोन पोरी पुढ्यात खेळत असताना वांझ. अम्मा काही बोलायची नाही. मग ती आजारी पडली आणि गेली. दळण आमच्याकडे आलं. मी बारा वर्षांची, तुझी आई नऊची. तिचा हात खुंट्याला पुरायचा नाही, मी गुडघ्याखाली पाट दिला तिच्या. आम्हाला अम्माच्या ओव्या येत होत्या, त्यात तिचे भाऊ होते. आम्हाला भाऊ कुठला? एका पहाटे तुझी आई म्हणाली, आपण घालू या.

‘‘काय घालू या?’’ मी विचारलं.

‘‘वैरण. मूठ सोडायची आणि नाव घ्यायचं. नाव तिनं ठेवलं. घोडा तिनंच आणला. फेटा मी.’’

‘‘गुलाबी?’’

‘‘गुलाबी,’’ खाला म्हणाली. आणि मग जरा थांबून : ‘‘आजीला ऐकू जायचं. ती काही बोलली नाही. एका दिवशी म्हणाली, पोरींनो, त्याला शाळेत घाला.’’

लग्न होऊन दोघी दोन गावांना गेल्या. दोघींनी आपापल्या सासरी तो नेला. वर्षाकाठी उरुसात भेटायच्या तेव्हा एकमेकींना विचारून घ्यायच्या, तुझ्याकडे आला होता का, काय नेलंस त्याला, म्हणजे दोन घरांत दोन वेगवेगळ्या गोष्टी व्हायला नकोत. खालाच्या सासरी एकदा नणंदेनं हटकलं, तुझा भाऊ आम्ही पाहिला नाही कधी. खालानं उत्तर दिलं, तुमचाही इथं दिसत नाही जास्त. तो नवऱ्यालाच टोला होता. ती हे सांगून इतकी हसली, की सुनेनं आत येऊन पाहिलं.

पुण्यात हेमा राईरकर आणि फ्रान्सहून येऊन इथलेच झालेले गी प्वातवाँ यांनी १९८०च्या दशकापासून पुढं गावोगावच्या बायकांकडून जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. एक लाखाहून जास्त. २०१७पासून त्या पीपल्स आर्काइव्ह ऑफ रूरल इंडियाच्या संकेतस्थळावर येत आहेत, आवाजासकट. त्याच्याही कितीतरी आधी साने गुरुजींनी ‘स्त्री जीवन’मध्ये ओव्या जमवल्या, आणि आपल्या सांगली जिल्ह्यातल्या बागणीच्या सरोजिनी बाबर यांनी तर आयुष्यच या कामी घातलं. खालाकडून आल्यावर मी हे सगळं पुन्हा वाचायला घेतलं. आधी मी त्यात आईचे शब्द शोधायचो. या खेपेला भाऊ शोधू लागलो. भावाच्या ओव्यांना अंत नाही. हत्तीवरून येणारे, गाडीतून येणारे, पुढं पुढं मोटारीतूनही येणारे. सगळे उंच, सगळे दाते, बहिणीसाठी वाट वाकडी करणारे. आपल्या खेड्यांत एवढे चांगले भाऊ असते तर एवढ्या बायका पहाटे रडत दळत का बसल्या असत्या? यातले किती फेरफारात सापडतील कुणास ठाऊक. ज्यांना खरे भाऊ होते त्यांनीसुद्धा तो जात्यात घालून पुन्हा दळून घेतला असणार, अशी माझी आता खात्री होत चालली आहे.

आणि फेन्या-मेन्याच्या गाण्यात जे सैन्य आहे तेही ओव्यांत आहे. सासूला, जावेला, दारू पिणाऱ्या नवऱ्याला बायकांनी दगडाशी काय काय सांगितलंय ते वाचताना अंगावर काटा येतो. माझ्या आईचाही एक सूर होता, वडील उठून अंगणात आले की ती ओवी मध्येच मोडून दुसरी धरायची. मोडलेली ओवी कशाची होती ते मला कळलं नाही. ते पीठ आम्हीच खाल्लं असणार.

ती कविता मी संग्रहात घेतली तेव्हा फेट्याचा रंग बदलला. बाकी काही बदललं नाही. काही मित्रांचं म्हणणं, तळटीप द्यायला हवी होती. कशाची? आईला भाऊ नव्हता याची? मग साडीलाही द्यावी लागेल, शाळूलाही द्यावी लागेल.

आमच्या जात्याचा खालचा दगड आता न्हाणीच्या उंबऱ्याशी पायरीसारखा बसवलेला आहे. वरचा मी घरात आणून ठेवला होता, पण खुंटा कुजला आणि नवा बसवणारा सुतार मिळेना. हल्ली हायवेवरच्या हॉटेलांच्या दारात रंग लावलेली जाती मांडलेली दिसतात, लोक त्यावर हात ठेवून फोटो काढतात. लहान मुलं खुंटा धरून फिरवतात. मी तिथं चहा पीत असलो तर तोंडातून निघूनच जातं. पोरं बघतात, फिरवतच राहतात.

शाळेतल्या त्या मुलाला मी पुढच्या आठवड्यात जातं दाखवायला घरी आणलं. त्यानं एका दगडाला बघितलं, न्हाणीशी जाऊन दुसऱ्याला बघितलं. भोकात बोट घालून म्हणाला, ‘‘इथून घालायचं?’’ गोष्टीत त्यानं काय बदल केला ते अजून त्यानं मला दाखवलेलं नाही.

खाला आता पंच्याऐंशीच्या पुढं आहे. मागच्या ईदला गेलो होतो. ऐकू कमी येतं, दिसतं बरं. निघताना गमतीनं तिच्या कानाशी मोठ्यानं विचारलं, ‘‘मामू काय म्हणतो? वय झालं असेल त्याचंही.’’

तिला गंमत वाटली नाही. म्हणाली, ‘‘त्याला काय धाड भरलीय? तुझी आई गेली त्या रात्री आला होता की. तुम्ही सगळे दमून झोपला होतात.’’